महाविद्यालयातील नेटवर्क इम्युलेशन प्रयोगशाळा: बंद न करता सुरक्षित कशी करावी?

बोरीकाठ, अमळनेर

नमस्कार. मी अमळनेर तालुक्यातील एका महाविद्यालयात नेटवर्किंग शिकवते. आमच्याकडे खरे राउटर दोनच आहेत आणि तेही जुने. २४ विद्यार्थ्यांच्या तुकडीला ते पुरत नाहीत, म्हणून गेल्या वर्षी आम्ही ६४ जीबी मेमरीच्या एका सर्व्हरवर ईव्ह-एनजी या इम्युलेटरची (राउटरची खरी कार्यप्रणाली सर्व्हरवर चालवणाऱ्या सॉफ्टवेअरची) कम्युनिटी आवृत्ती बसवली आणि प्रत्येकाला ब्राउझरमधून राउटर व स्विच जोडून पाहता येतील अशी सोय केली. मुले त्यात इतकी रमली की सुटीच्या दिवशीही प्रयोगशाळा उघडी ठेवण्याची मागणी होऊ लागली.

गेल्या पंधरवड्यात डीएचसीपीचे, म्हणजे संगणकांना नेटवर्कचे पत्ते आपोआप वाटण्याच्या पद्धतीचे, प्रात्यक्षिक होते. तासाभराने कार्यालयातून निरोप आला की शिष्यवृत्तीच्या अर्जांचे काम थांबले आहे. ग्रंथालयातील बहुतेक संगणकांना इंटरनेट मिळत नव्हते, लेखा विभागातील संगणक मात्र व्यवस्थित चालू होते. मी जाऊन पाहिले, तेव्हा बंद पडलेल्या संगणकांवर १९२.१६८.५० ने सुरू होणारे पत्ते दिसले. ती पत्त्यांची मालिका मीच त्या दिवशी सकाळी प्रात्यक्षिकासाठी फळ्यावर लिहून दिली होती. एका विद्यार्थ्याच्या इम्युलेटरमधील राउटर संपूर्ण महाविद्यालयाला पत्ते वाटत होता.

चौकशी करताना आणखी एक गोष्ट उघड झाली. गावाकडून ये-जा करणाऱ्या मुलांना घरून सराव करता यावा म्हणून ब्रॉडबँडच्या राउटरवर पोर्ट फॉरवर्डिंग करून (बाहेरून येणारी जोडणी आतल्या यंत्राकडे वळवून) या सर्व्हरचे वेबपान थेट इंटरनेटवर उघडण्यात आले होते, आणि सर्व्हरचा पासवर्ड बसवतानाचा मूळ पासवर्डच होता. याची जबाबदारी माझी आहे आणि मी ती प्राचार्यांपुढे मान्य केली आहे. लेखी योजना दिल्याशिवाय प्रयोगशाळा पुन्हा सुरू करायची नाही, असा त्यांचा आदेश आहे आणि तो मला योग्यच वाटतो.

ही योजना कशी आखावी, हे मला जाणकारांकडून समजून घ्यायचे आहे. इम्युलेटरमधील नेटवर्क महाविद्यालयाच्या नेटवर्कपासून खात्रीने वेगळे कसे ठेवावे? हेच सॉफ्टवेअर ठेवावे की दुसरे निवडावे? आणि घरून सराव करण्याची सोय सुरक्षितपणे देता येईल का, की ती सोडूनच द्यावी? आमच्या खर्चाची मर्यादा फारच कमी आहे, हे लक्षात घेऊन सांगावे, ही विनंती.

मेहरूणकाठ, जळगाव

ताई, नेमके काय घडले ते आधी पाहू, कारण उपाय त्यातूनच निघतो. ईव्ह-एनजीत ‘क्लाउड०’ नावाचा जो ढग विद्यार्थ्यांना दिसतो, तो सर्व्हरच्या पहिल्या लॅन कार्डावरचा ब्रिज असतो. सर्व्हरच्या लिनक्समध्ये त्याचे नाव ‘पीनेट०’ आहे. ब्रिज म्हणजे व्यवहारात स्विचच. आपल्या राउटरवरून इंटरनेट दिसावे एवढीच त्या विद्यार्थ्याची इच्छा असणार, पण त्याने पडद्यावर ती एक रेघ ओढली त्या क्षणी त्याचा राउटर महाविद्यालयाच्या स्विचला खऱ्या केबलने जोडल्यासारखा झाला. राउटर संगणकाच्या आत आहे की लोखंडी पेटीत, हे स्विचला कळत नाही आणि कळण्याची त्याला गरजही नसते.

डीएचसीपीत नव्याने चालू झालेला संगणक सर्वांना उद्देशून पत्ता मागतो आणि ज्याचे उत्तर आधी येते, बहुधा त्याचाच पत्ता घेतो. ज्यांच्याकडे आधीच पत्ता होता आणि ज्याची मुदत संपलेली नव्हती, ते संगणक नव्याने विचारायला गेलेच नाहीत. लेखा विभागातील संगणक सकाळी लवकर चालू झालेले असतील आणि ग्रंथालयातील नंतर, म्हणून तुम्हाला तो फरक दिसला. सिस्को राउटरवर अशा पत्त्याची मुदत वेगळी न सांगितल्यास एक दिवसाची असते. त्यामुळे प्रात्यक्षिक बंद केल्यानंतरही काही संगणक चुकीचाच पत्ता धरून बसले असतील आणि त्यांना हाताने नवा पत्ता घ्यायला लावावे लागले असेल.

हे डीएचसीपीपुरते मर्यादित नाही, हे मला विशेष आग्रहाने सांगायचे आहे. पुढच्या आठवड्यात तुम्ही स्पॅनिंग ट्री (स्विचमधील मार्गांचे वर्तुळ होऊ न देणारी पद्धत) शिकवणार असाल, तर विद्यार्थी आपल्या इम्युलेटरमधील स्विचला रूट, म्हणजे या मार्गांचा केंद्रस्विच, बनवण्याची आज्ञा देतील. आज्ञा दिली की त्या स्विचचा अग्रक्रमांक ३२७६८ वरून साधारणपणे २४५७६ वर येतो (अंक जितका कमी तितका मान वरचा), आणि महाविद्यालयातील खरे स्विच मूळ मांडणीवरच चालत असतील, तर संपूर्ण इमारतीचा रूट म्हणून तो विद्यार्थ्याचा स्विच निवडला जाईल. मग इमारतीतील डेटाचे मार्ग त्या एका सर्व्हरभोवती नव्याने ठरतील. हा बिघाड डीएचसीपीपेक्षा शोधायला कितीतरी अवघड असतो, कारण संगणकांवर पत्ते बरोबर दिसतात आणि तरीही सगळे रेंगाळते.

आता उपाय. ‘क्लाउड०’ वापरू नका अशी सूचना फळ्यावर लिहून हे थांबणार नाही. कम्युनिटी आवृत्तीत प्रत्येक खाते प्रशासकाच्याच अधिकाराचे असते, त्यामुळे तो ढग एखाद्यापासून लपवण्याची सोय तुमच्याकडे नाही. म्हणून बंधन सॉफ्टवेअरमध्ये न घालता तारेत घालावे: सर्व्हरच्या पहिल्या लॅन कार्डाची केबल महाविद्यालयाच्या स्विचमध्ये जाताच कामा नये. ती केबल आणि प्रयोगशाळेतील सर्व संगणकांच्या केबली एका वेगळ्या स्विचमध्ये आणा, आणि तो स्विच व महाविद्यालयाचे नेटवर्क यांच्यामध्ये एक छोटा राउटर ठेवा. मायक्रोटिक या कंपनीचा लहानातला लहान राउटरही या कामाला पुरतो. राउटर ब्रॉडकास्ट (सर्वांना उद्देशून पाठवलेले संदेश) पलीकडे जाऊ देत नाही, त्यामुळे विद्यार्थ्याने ‘क्लाउड०’ ला काहीही जोडले तरी त्याचा त्रास प्रयोगशाळेच्या भिंतीपर्यंतच पोहोचेल. त्या राउटरवर अनोळखी डीएचसीपी सर्व्हर दिसल्यास नोंद करण्याची सोयही असते. ती चालू करून ठेवा.

महाविद्यालयाचा मुख्य स्विच मॅनेज्ड प्रकारचा (ज्याची मांडणी आपल्याला बदलता येते असा) असेल, तर ज्या पोर्टवर हा राउटर जोडाल तेथे डीएचसीपी स्नूपिंग (अनोळखी पत्तेवाटप अडवणारी सोय) आणि बीपीडीयू गार्डही चालू करा. बीपीडीयू गार्डमुळे स्पॅनिंग ट्रीचा एक जरी संदेश आला तरी ते पोर्ट बंद होते आणि कोणीतरी जाऊन ते पुन्हा चालू करेपर्यंत प्रयोगशाळेचे इंटरनेट थांबते. ते थांबलेलेच बरे. कार्यालयाचे काम अडण्यापेक्षा प्रयोगशाळेचे अडावे. साधे स्विच असतील, तर या सोयी त्यांत नसतात आणि मग मधला राउटर हाच एकमेव आधार असतो.

विद्यार्थ्यांची इंटरनेटची गरज मात्र खरी आहे आणि ती नाकारली, तर ते पळवाट शोधतील. सर्व्हरवर ‘पीनेट९’ सारख्या रिकाम्या ब्रिजला एक खासगी पत्ता द्यावा आणि तेथून बाहेर नॅट करावे (सर्वांची जोडणी सर्व्हरच्या एकाच पत्त्याने बाहेर न्यावी), म्हणजे विद्यार्थ्यांचे राउटर बाहेरचे जग पाहू शकतात पण त्यांचे ब्रॉडकास्ट बाहेर पडत नाही. जीएनएस३ या तशाच दुसऱ्या इम्युलेटरमध्ये यासाठी तयार नॅट नोड मिळतो.

पांझराकाठ, धुळे

वरील सरांनी तारेबद्दल जे सांगितले आहे त्याला माझे पूर्ण अनुमोदन आहे. मी गेली बरीच वर्षे धुळ्यात प्रशिक्षणवर्ग घेतो, म्हणून सॉफ्टवेअरच्या निवडीबद्दल थोडे सविस्तर लिहितो.

पहिल्या सत्रातील मुलांना मी इम्युलेटर देत नाही. त्यांना पॅकेट ट्रेसर देतो. तो सिम्युलेटर आहे, म्हणजे त्यात खरी कार्यप्रणाली चालत नाही, आज्ञांचे वागणे तेवढे दाखवले जाते. त्याला मर्यादा पुष्कळ आहेत, परंतु तो ४ जीबीच्या संगणकावरही चालतो, सिस्कोच्या नेटवर्किंग अकादमीचे खाते काढल्यास विनामूल्य मिळतो, आणि मुख्य म्हणजे नेहमीच्या वापरात त्यातील डीएचसीपी सर्व्हर खऱ्या नेटवर्कवर येत नाही. पत्ते, सबनेट, व्हीलॅन, साधे ओएसपीएफ (राउटरांनी आपसांत मार्ग ठरवण्याची एक पद्धत) एवढे शिकेपर्यंत तो पुरेसा आहे. इम्युलेटरमध्ये राउटरची खरी कार्यप्रणाली चालते. म्हणून तेथील चूकही खरी असते आणि तिचा परिणामही खराच होतो, जसा तुमच्याकडे झाला.

ईव्ह-एनजी बदलण्याची गरज मला दिसत नाही. कम्युनिटी आवृत्तीत एका लॅबमध्ये ६३ नोडपर्यंत (राउटर-स्विचसारख्या आभासी यंत्रांपर्यंत) जाता येते आणि शिकण्यासाठी ते भरपूर आहे. हिशेब मेमरीचा करावा लागतो. सिस्कोच्या आयओएसव्ही राउटरला सुमारे ५१२ एमबी लागते. २४ मुलांनी प्रत्येकी ४ राउटर चालू केले तर ६४ पैकी ४८ जीबी तेथेच गेले, आणि सर्व्हरच्या स्वतःच्या कामाला व इतर नोडना १६ जीबीच उरले. मी मुलांना दोघा-दोघांच्या जोडीने बसवतो. १२ जोड्या आणि प्रत्येकी ४ राउटर, म्हणजे २४ जीबी. एकाने आज्ञा द्यायची आणि दुसऱ्याने नोंदवहीत कारण लिहायचे, अशी वाटणी केली की शिकणेही चांगले होते. सर्वांनी एकाच वेळी ‘सर्व नोड चालू’ हे बटण दाबले की प्रोसेसर दम टाकतो. त्यासाठी प्रत्येक नोडला सुरू होण्याचा विलंब देण्याची सोय आहे, ती वापरावी. जीएनएस३ मध्ये डायनामिप्स या जुन्या इम्युलेटरवरचे राउटर चालवत असाल, तर ‘आयडल-पीसी’चे (राउटर रिकामा केव्हा आहे ते ओळखण्याचे) मूल्य काढून द्यायला विसरू नका, नाहीतर एकच रिकामा बसलेला राउटर प्रोसेसरचा एक पूर्ण कोर खातो.

आता मनाला लागणारा विषय. आपल्या भागात पेनड्राइव्हवरून आणि समाजमाध्यमांवरील गटांतून राउटरच्या इमेज (इम्युलेटरमध्ये चालवायच्या कार्यप्रणालीच्या फाइली) सर्रास फिरतात. ताई, तुमच्याकडच्या इमेज कोठून आल्या आहेत, हे कृपया तपासा. सिस्कोच्या इमेज कंपनीच्या परवान्याशिवाय वापरता येत नाहीत. त्या कायदेशीरपणे मिळवण्याचा सरळ मार्ग म्हणजे सिस्कोचे स्वतःचे इम्युलेटर, सिस्को मॉडेलिंग लॅब्ज. त्याची विनामूल्य आवृत्तीही आता उपलब्ध आहे, पण तिच्यात ५ नोडच चालतात, आणि पर्सनल प्रकारचा परवाना एका व्यक्तीसाठी असतो, वर्गासाठी नव्हे. शिवाय अनोळखी माणसाने दिलेल्या इमेजमध्ये आणखी काय भरले आहे, हे आपल्याला कळण्याचा मार्ग नसतो. एखाद्याच्या घरचे उघडे पाणी आपण मुलांना प्यायला देत नाही. मग ही फाइल कशी द्यावी?

पर्याय चांगले आहेत. एफआरराउटिंग हे मुक्त सॉफ्टवेअर आहे आणि त्यावर ओएसपीएफ व बीजीपी उत्तम शिकवता येतात. नोकियाच्या एसआर लिनक्सची कंटेनर इमेज नोंदणीशिवाय मिळते. जुनिपरने प्रयोगशाळेसाठी व्हीजुनोस विनामूल्य दिले आहे. मायक्रोटिकचा सीएचआर हा आभासी राउटर विनामूल्य परवान्यावर चालतो. त्यात प्रत्येक इंटरफेसचा वेग १ एमबीपीएसवर बांधलेला असतो, पण वर्गात त्याने काहीच अडत नाही. आपल्या भागातील इंटरनेट पुरवठादारांकडे मायक्रोटिक मोठ्या प्रमाणात वापरले जाते, त्यामुळे मुलांना नोकरीच्या दृष्टीनेही त्याचा उपयोग होतो. इमेज अधिकृत ठिकाणाहून घ्या आणि उतरवल्यावर तिचा चेकसम (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा अंक) जुळवून पाहा. जीएनएस३ च्या अप्लायन्स फाइलमध्ये हा चेकसम आधीच दिलेला असतो आणि आयात करताना सॉफ्टवेअर तो स्वतः पडताळते.

बोरीकाठ, अमळनेर

दोघांचेही मनापासून आभार. इमेज तपासल्या. आधीच्या एका तुकडीतील विद्यार्थ्यांनी आणलेल्या पाच फाइली होत्या आणि त्यांचा मूळ स्रोत कोणालाच सांगता आला नाही. त्या मी काढून टाकल्या आहेत. मधल्या राउटरसाठी मागणीपत्र दिले आहे.

घरून सराव करण्याबद्दल मात्र मी अजून संभ्रमात आहे. माझ्या वर्गातील सात-आठ मुले रोज एसटीने ये-जा करतात, शेवटच्या गाडीसाठी त्यांना चारलाच निघावे लागते आणि प्रात्यक्षिकाचा सर्वांत महत्त्वाचा भाग तेव्हाच सुरू असतो. ती सोय बंद केली, तर फटका नेमका त्यांनाच बसतो.

तापीकाठ, भुसावळ

ताई, घरून सरावाची सोय ठेवा, पण ज्या दाराने ती दिली होती ते दार कायमचे बंद करा. मी सर्व्हर सांभाळण्याचे काम करतो, त्यामुळे माझे उत्तर सर्व्हरपासून सुरू होते.

जो सर्व्हर मूळ पासवर्डसह इंटरनेटवर उघडा होता, त्यावर यापुढे विश्वास ठेवता येणार नाही. ईव्ह-एनजीचे मूळ पासवर्ड तिच्या सूचनापुस्तिकेतच छापलेले आहेत आणि उघडी पोर्टे शोधत फिरणारे प्रोग्राम दिवसरात्र चालू असतात. कोणी आत आले होते की नाही, हे नोंदी पाहून ठरवण्याचा प्रयत्न करू नका, कारण आत आलेला माणूस नोंदीही पुसू शकतो. सर्व्हर पूर्ण पुसून नव्याने बसवा. तुमच्या लॅबच्या आकृत्या साध्या मजकुराच्या स्वरूपात असतात, त्या डोळ्यांखालून घालून परत आणता येतील. डिस्कच्या इमेज मात्र जुन्या सर्व्हरवरून उचलू नका, पुन्हा अधिकृत ठिकाणाहून घ्या. आणि तो मूळ पासवर्ड महाविद्यालयात आणखी कोठे वापरलेला असेल, तर तेथेही बदला.

या सॉफ्टवेअरकडे साध्या वेबसाइटसारखे पाहिले जाते, तेथेच चूक होते. इम्युलेटरला व्हर्च्युअल मशीन सुरू करायची असतात, ब्रिज बनवायचे असतात, लॅन कार्डावर थेट हात घालायचा असतो. म्हणून तो सर्व्हरवर फार मोठ्या अधिकाराने चालतो. जीएनएस३ आणि कंटेनरलॅब हे तसेच आणखी एक सॉफ्टवेअर, दोन्ही आपले डॉकर कंटेनर (सर्व्हरवरचे वेगळे कप्पे) प्रिव्हिलेज्ड, म्हणजे वाढीव अधिकाराच्या, पद्धतीने चालवतात, त्यामुळे अशा कंटेनरमध्ये रूट (सर्वाधिकारी वापरकर्ता) असलेल्या विद्यार्थ्याने मनात आणले तर तो मूळ सर्व्हरपर्यंत पोहोचू शकतो. त्यामुळे ज्या सर्व्हरवर इम्युलेटर आहे, त्यावर निकालपत्रे, हजेरी किंवा शुल्काची माहिती कधीही ठेवू नका. तो सर्व्हर विद्यार्थ्यांच्या ताब्यात आहे असे धरूनच त्याची जागा ठरवा.

कन्सोलचीही तीच गोष्ट आहे. प्रत्येक नोडचा कन्सोल (आज्ञा देण्याची खिडकी) सर्व्हरच्या एका स्वतंत्र टीसीपी पोर्टवर टेलनेट या जुन्या, साध्या पद्धतीने मिळतो. तेथे पासवर्ड विचारला जात नाही आणि मजकूर उघडा जातो. जो त्या पोर्टपर्यंत पोहोचला तो त्या राउटरसमोर बसलाच. जीएनएस३ मध्ये मूळ मांडणीत ही पोर्टे ५००० ते १०००० यांच्या दरम्यान असतात आणि सर्व्हरचे स्वतःचे पोर्ट ३०८० असते. वेबपानाला पासवर्ड लावला आणि ही पोर्टे तशीच राहिली, तर पुढच्या दाराला कुलूप लावून परसदार उघडे ठेवल्यासारखे होते. फायरवॉलमध्ये ही सर्व पोर्टे प्रयोगशाळेच्या संगणकांपुरतीच मर्यादित करा. जीएनएस३ ची ३.० किंवा त्यापुढची आवृत्ती घेतल्यास वापरकर्ते आणि त्यांचे अधिकार वेगवेगळे ठेवता येतात, त्याआधीच्या २.२ मध्ये सर्वांना मिळून एकच नाव व पासवर्ड असतो.

इमेज जुन्या असतील, तर त्यातील दोषही खरेच असतात. २०१८ मध्ये मायक्रोटिकच्या राउटरओएसमध्ये एक दोष सापडला होता, ज्यामुळे विनबॉक्स या व्यवस्थापन साधनाच्या पोर्टवरून लॉगिन न करता वापरकर्त्यांचे पासवर्ड वाचता येत असत. तो दुरुस्त होऊन बरीच वर्षे झाली, परंतु कोणी शिकण्यासाठी म्हणून तीच जुनी आवृत्ती लॅबमध्ये लावली आणि तिला बाहेरचा पत्ता दिला, तर ती आजही तितकीच उघडी असते. जुनी आवृत्ती अभ्यासायला अवश्य वापरा, पण नॅटचीही जोडणी नसलेल्या लॅबमध्ये. हल्ल्याची साधने शिकवत असाल, तर हाच नियम दुप्पट कडकपणे पाळा. माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० मधील कलम ४३ आणि ६६ परवानगीशिवाय दुसऱ्याच्या संगणकात शिरण्याबद्दल आहेत, आणि ‘सराव करत होतो’ हे त्यावरचे उत्तर होऊ शकत नाही, हे मुलांना पहिल्याच तासाला सांगा.

आता घरचा सराव. मधल्या राउटरवरच वायरगार्ड (घरचा संगणक आणि प्रयोगशाळा यांना कूटबद्ध मार्गाने जोडणारे व्हीपीएन) लावा. मायक्रोटिकच्या राउटरओएस ७ मध्ये ते अंतर्भूत आहे. प्रत्येक विद्यार्थ्यासाठी स्वतंत्र किल्लीजोडी बनवा आणि त्या विद्यार्थ्याला फक्त इम्युलेटर सर्व्हरच्या पत्त्यापर्यंतच जाता येईल, कार्यालयाच्या नेटवर्ककडे नाही, असा नियम फायरवॉलमध्ये लिहा. बाहेरून एकच यूडीपी पोर्ट उघडे राहते, मायक्रोटिकच्या मूळ मांडणीत १३२३१, आणि ज्याच्याकडे किल्ली नाही त्याला वायरगार्ड उत्तरच देत नाही. त्यामुळे पोर्टे शोधणाऱ्यांना ते दिसतही नाही. विद्यार्थी सोडून गेला की त्याची नोंद काढायची, बाकी कोणाला काही बदलावे लागत नाही. विद्यार्थी मोबाइलच्या इंटरनेटवरून येणार असतील, तर त्यांच्या बाजूला २५ सेकंदांचा ‘पर्सिस्टंट कीपअलाइव्ह’ ठेवा, म्हणजे जोडणी मध्येच गळून पडणार नाही. महाविद्यालयाच्या ब्रॉडबँडला स्वतःचा सार्वजनिक पत्ता आहे का, हे मात्र आधी पुरवठादाराला विचारा. पुष्कळ जोडण्या आता पुरवठादाराच्याच नॅटमागे असतात; तसे असेल तर स्थिर पत्ता घ्यावा लागेल.

शेवटी नोंदी. एकच समान खाते सर्व तुकडीला देऊ नका. कोणी काय केले हे कळले नाही, तर एकाच्या चुकीचा संशय चोवीस जणांवर राहतो आणि ते त्यांच्यावर अन्यायकारक आहे. सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांत नोंदी १८० दिवस ठेवणे, घड्याळे एनआयसी किंवा एनपीएल या सरकारी संस्थांच्या वेळेशी जुळवणे आणि सायबर घटना कळल्यापासून ६ तासांत कळवणे सांगितले आहे. लेखी योजनेत हाच मापदंड धरलात, तर प्राचार्यांपुढे तुमची बाजू भक्कम राहील.

गोमाईकाठ, शहादा

मी शहाद्याजवळ शिकवतो आणि माझे काही विद्यार्थी धडगाव, अक्कलकुवा भागातून येतात. सातपुड्यातील पाड्यांवर मोबाइलचे नेटवर्क असते कधी, नसते कधी. माझ्या अनुभवाची भर घालतो.

कमकुवत जोडणीवर ब्राउझरमधील कन्सोल अडखळतो, कारण त्यात मजकुराबरोबर इतरही बरेच काही ये-जा करते. साधा टेलनेट कन्सोल म्हणजे निव्वळ अक्षरे. तो अगदी संथ नेटवर्कवरही चालतो. वर तापीकाठच्या दादांनी टेलनेटच्या उघडेपणाचा धोका सांगितला आहे तो अगदी खरा आहे, परंतु वायरगार्डच्या आतून जाताना तो मजकूर सर्व्हरच्या दारापर्यंत कूटबद्धच असतो. म्हणून घरून येणाऱ्यांना मी तोच वापरायला सांगतो.

ज्यांना नेटवर्कच मिळत नाही त्यांच्यासाठी मी वेगळी वाट धरली आहे. प्रात्यक्षिक संपल्यावर प्रत्येक राउटरचे कॉन्फिगरेशन मजकुराच्या फाइलीत काढून घेतो आणि मुले ते पेनड्राइव्हवर किंवा वहीत उतरवून नेतात. घरी त्यांनी ते वाचायचे, मी मुद्दाम घातलेल्या तीन चुका शोधायच्या आणि दुसऱ्या दिवशी येऊन इम्युलेटरवर सिद्ध करून दाखवायच्या. अशा सरावातून तयार झालेली मुले चूक शोधण्यात इतरांच्या पुढे असतात, हे मी वारंवार पाहिले आहे. सराव म्हणजे सर्व्हरसमोर बसणेच, असे आपण धरून चालू नये.

याच फाइलींचा दुसरा उपयोग वीज गेल्यावर होतो. आपल्याकडे उन्हाळ्यात पारा ४५ अंशांच्या पुढे जातो, फीडर बंद पडतात, आणि चालू सर्व्हर अचानक बंद झाला की डिस्कच्या इमेज बिघडण्याची भीती असते. सुरक्षितता म्हणजे केवळ बाहेरच्या माणसापासूनचे रक्षण नव्हे. महिनाभराचे काम एका दुपारी गेले, तर मुलांच्या दृष्टीने नुकसान तेवढेच मोठे असते. यूपीएसला यूएसबीची तार असेल, तर नेटवर्क यूपीएस टूल्स हे मुक्त सॉफ्टवेअर सर्व्हरवर बसवा. बॅटरी संपत आली की ते सर्व्हर रीतसर बंद करते. कॉन्फिगरेशनच्या फाइली काही केबींच्या असतात, त्यांची प्रत रोज दुसऱ्या यंत्रावर जाऊ द्या. सर्व्हरच्या खोलीतील धूळही महिन्याला काढत जा. पंखे धुळीने भरले की यंत्र तापते, प्रोसेसर आपला वेग कमी करतो आणि मुलांना वाटते की आपलीच लॅब चुकली आहे.

बोरीकाठ, अमळनेर

सर्वांना नमस्कार. तीन आठवड्यांनी लिहीत आहे.

सर्व्हर पुसून नव्याने बसवला. पहिल्या सत्रासाठी पॅकेट ट्रेसर आणि पुढच्या सत्रांसाठी ईव्ह-एनजी, तेही एफआरराउटिंग आणि सीएचआर यांच्यावर, असे ठरवले आहे. प्रयोगशाळेचा स्विच स्वतंत्र केला असून मध्ये मायक्रोटिकचा राउटर आहे. आमच्या ब्रॉडबँडचा सार्वजनिक पत्ता सारखा बदलत असतो; स्थिर पत्त्यासाठी अर्ज दिला आहे आणि तो मिळेपर्यंत एसटीने जाणाऱ्या मुलांना शहाद्याच्या सरांच्या पद्धतीने कॉन्फिगरेशन देत आहे. चार वाजता निघण्यापूर्वी ती फाइल हातात पडली पाहिजे, यासाठी प्रात्यक्षिकाची वेळच अर्धा तास अलीकडे आणली.

प्राचार्यांना लेखी योजना दिली, तेव्हा त्यांनी एकच अट घातली: हे खरोखर चालते, ते त्यांच्यासमोर दाखवावे. शनिवारी कार्यालयाचे काम संपल्यावर आम्ही तीच चूक मुद्दाम पुन्हा केली. ज्या विद्यार्थ्याच्या हातून ती पहिल्यांदा झाली होती, त्यालाच मी राउटर ‘क्लाउड०’ ला जोडायला आणि १९२.१६८.५० ची तीच मालिका वाटायला सांगितले. तो आधी बिचकला, मग त्याने जोडले. ग्रंथालयातील सर्व संगणक एकदम चालू केले आणि प्रत्येकाचा पत्ता वाचून पाहिला. एकावरही तो पत्ता आला नाही. प्रयोगशाळेतील दोन संगणकांवर मात्र आला, म्हणजे चूक खरोखर घडत होती आणि भिंतीच्या आतच थांबत होती. मधल्या राउटरच्या नोंदीत अनोळखी डीएचसीपी सर्व्हरची सूचना आणि त्याचा हार्डवेअर पत्ता आला होता. त्या विद्यार्थ्याने तो आपल्या राउटरशी ताडून पाहिला आणि प्राचार्यांना समजावून सांगितला. सोमवारपासून प्रयोगशाळा सुरू झाली आहे.

एक शंका उरली आहे. प्रयोगशाळेतील त्या दोन संगणकांनाही चुकीचा पत्ता मिळू नये, म्हणून काय करता येईल?

मेहरूणकाठ, जळगाव

फार चांगले झाले, ताई. प्रयोगशाळेतील संगणकांना डीएचसीपीवर ठेवूच नका. प्रत्येकाला हाताने कायमचा पत्ता द्या आणि तो यंत्रावर चिकटवून ठेवा. २४ संगणकांचे हे एका दुपारचे काम आहे, आणि ते मुलांकडूनच करून घ्या. पुढे स्विच बदलायचा झाला, तर मॅनेज्ड घ्या आणि त्यात फक्त मधल्या राउटरकडचे पोर्ट विश्वासू म्हणून नोंदवून डीएचसीपी स्नूपिंग चालू करा.

बोरीकाठ, अमळनेर

उद्याच्या प्रात्यक्षिकात हेच घेते.